आपल्या वाटीने

माझी आई पुस्तकं लावत नसे, नुसती ठेवत असे. तिच्या फडताळात ‘गीतारहस्या’ला टेकून ‘रुचिरा’ उभी असायची, तिच्या पलीकडे इरावती कर्वे यांचं ‘मराठी लोकांची संस्कृती’ आणि सगळ्यात खाली राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा एक सुटा खंड. आई गेल्यावर मी ते फडताळ आवरायला बसले. तत्त्वज्ञान इकडे, इतिहास तिकडे, स्वयंपाक वेगळा, असे ढीग जमिनीवर मांडले. मग एकेक पुस्तक चाळत गेले आणि ढीग तसेच राहिले.

टिळकांनी ‘गीतारहस्य’ मंडालेच्या तुरुंगात १९१०-११च्या हिवाळ्यात लिहिलं. शाई मिळत नव्हती, पेन्सिलच होती. वह्यांची पानंही मोजून दिलेली. त्यांचे आधीचे दोन संशोधनग्रंथ इंग्रजीत होते. हा मात्र त्यांनी मराठीत लिहिला. टीकाकारांचे अर्थ बाजूला ठेवून त्यांनी मूळ गीता स्वतः पुन्हा वाचली आणि तीत त्यांना कर्मयोग दिसला. १९१५ साली पुस्तक छापून आलं आणि तत्त्वज्ञान मराठी घरांच्या ओसरीवर येऊन बसलं.

मंडाले इरावती नदीच्या काठी आहे. त्याच ब्रह्मदेशात १९०५ साली जन्मलेल्या मुलीला त्या नदीचं नाव मिळालं. पुढे इरावतीबाई वारीबरोबर पंढरपूरला चालत गेल्या. एकाच दिंडीत एकाच अभंगात सूर मिसळणारी माणसं जेवायला मात्र जातवार वेगळी बसतात, हे त्यांनी पाहिलं आणि त्याची खंत लपवली नाही. तरीही महाराष्ट्र म्हणजे काय, हे त्यांना त्याच वाटेवर, पंढरीला निघालेल्या माणसांत उमगलं. विविधतेवर बोलणं सोपं असतं; तिच्यासोबत पायी चालल्यावर तिचं सौंदर्य आणि तिचा सल दोन्ही कळतात.

राजवाडेही असेच हिंडले. कोणाच्या माळ्यावर, कोणाच्या अडगळीत कसर लागत पडलेली दप्तरं त्यांनी गावोगाव फिरून शोधली, मोडीतले कागद बालबोधीत आणले. १८९८ साली पहिला खंड निघाला. पुढे एकूण २२ झाले. इतिहासाविषयी कोणी काय म्हटलं यापेक्षा मूळ कागद काय म्हणतो, हे त्यांना महत्त्वाचं वाटलं.

शेवटी हातात आली ‘रुचिरा’. कमलाबाई ओगले यांचं हे पुस्तक १९७० सालचं. तराजूची भाषा सोडून कमलाबाईंनी मापं वाटी-चमच्यात दिली, म्हणून नव्याने संसार मांडणाऱ्या कितीतरी मुलींना त्या पुस्तकाने हाताला धरून स्वयंपाक शिकवला. आईच्या प्रतीची पाठ सुटली आहे. एका पानावर तेलाचा डाग इतका मुरलाय, की मागच्या पानावरची अक्षरं त्यातून दिसतात. त्याच पानाच्या कडेला, गुळाच्या मापाशेजारी, आईने पेन्सिलीने लिहिलंय : ‘आपल्या वाटीने पाऊण.’

तिथेच मी थांबले. कमलाबाईंनी माप घराघरात नेलं; पण प्रत्येक घरची वाटी वेगळी. आईने पुस्तकावर विश्वास ठेवला आणि तरी आपल्या वाटीने मोजून पाहिलं. टिळकांनी गीतेशी, राजवाड्यांनी इतिहासाशी, इरावतीबाईंनी आपल्याच माणसांशी हेच तर केलं होतं! ज्ञान आयतं आलेलं चालतं, माप मात्र आपलं आपणच घ्यावं लागतं. आईला हे कोणी शिकवलं नव्हतं. शेजारी शेजारी ठेवलेली पुस्तकं ती आलटून पालटून वाचत होती, एवढंच.

ढीग मोडून मी पुस्तकं होती तशीच ठेवली, ‘गीतारहस्या’ला टेकून ‘रुचिरा’. मग स्वयंपाकघरात जाऊन आईची काठाला पोचा आलेली पितळी वाटी काढली आणि गूळ घेतला. पाऊण वाटी.