कृष्णामाईची संथ चाल

तुम्ही कृष्णाकाठचे असा की गोदाकाठचे, वऱ्हाडातले असा की कोकणातले, 'संथ वाहते कृष्णामाई' हे गाणे कधी ना कधी तुमच्या कानांवरून गेलेले असणारच. १९६७ साली त्याच नावाचा चित्रपट निघाला. शब्द ग. दि. माडगूळकरांचे, चाल दत्ता डावजेकरांची आणि आवाज सुधीर फडक्यांचा. चित्रपट आज किती जणांना आठवतो कोण जाणे, गाणे मात्र राहिले. दिवसभर उन्हात राबलेला माणूस ओसरीवर पाठ टेकतो, कुठून तरी हे गाणे कानी येते आणि घटकाभर का होईना, मनातली कालवाकालव थांबते. नदी आपल्या चालीने चालली आहे, काठावर कोण हसते नि कोण रडते याचे तिला सोयरसुतक नाही, एवढीच त्यातली गोष्ट.

आता तुम्ही म्हणाल, ज्या नदीला आपल्या सुखदुःखाची दादच नाही, तिच्या गाण्याने आपल्याला शांत का वाटावे? आणि ती खरोखरच शांत आहे का? चला, काठाकाठाने जाऊन पाहू.

सुरुवात महाबळेश्वरपासून. क्षेत्र महाबळेश्वरच्या पंचगंगा मंदिरात कृष्णा, कोयना, वेण्णा, सावित्री आणि गायत्री अशा पाच नद्यांचा उगम मानतात. इथून अरबी समुद्र सरळ रेषेत जेमतेम ६४ किलोमीटर. सावित्री शहाणी, ती लगेच पश्चिमेला उतरून समुद्राला मिळते. कृष्णा मात्र समुद्राकडे पाठ फिरवते आणि सुमारे १,४०० किलोमीटर चालून आंध्रात बंगालच्या उपसागराला मिळते. इथे तिची चाल मुळीच संथ नाही. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेचार हजार फूट उंच आणि वाई साधारण २,३५० फुटांवर. म्हणजे दोन हजार फुटांची उतरण ती पहिल्या थोड्याशा वाटेतच संपवते. पुढे वाईपासून सांगलीपर्यंत रस्त्याने दीडशे किलोमीटरांहून अधिक अंतर आहे आणि नदीच्या वळणांनी ते आणखी वाढते, पण उतार उरतो अवघा साडेपाचशे फुटांचा. शेतात पाटाने पाणी पाजणाऱ्याला यातले मर्म समजावून सांगायला नको. उतार कमी तिथे पाणी रेंगाळते, वळणे घेते, गाळ टाकते. गाण्यातली संथ कृष्णा आहे ती या सपाटीवरची.

वाईला कृष्णेचे घाट पाहण्यासारखे आहेत, ढोल्या गणपतीही सर्वांच्या परिचयाचा. पण जमले तर माघ-फाल्गुनाच्या सुमारास जा. तेव्हा वाईच्या सात घाटांवर पाळीपाळीने कृष्णामाईचा उत्सव भरतो. देवीची मूर्ती मांडवात बसवतात, कीर्तन होते, बायाबापड्या ओटी भरतात, गावजेवण होते. हा उत्सव कशातून निघाला म्हणाल, तर १६५९ साली अफजलखान वाईला तळ देऊन बसला होता, तेव्हा हे संकट टळो म्हणून कृष्णेला नवस बोलला गेला, असे वाईकर सांगतात. त्या नोव्हेंबरात प्रतापगडाखाली काय झाले ते तुम्हांला ठाऊकच आहे. नदीला साकडे घातले ते पिकापाण्यासाठी नव्हे, धनासाठी नव्हे, तर मुलूख स्वस्थ राहावा म्हणून. कृष्णेला शांततेची देवता मानणे चित्रपटाच्या गाण्यापेक्षा तीनशे वर्षे जुने आहे, ते असे.

साताऱ्याजवळ माहुलीला वेण्णा येऊन मिळते. जुनी दगडी देवळे आहेत, तासभर थांबण्यासारखी जागा. तिथून कराड.

कराडचा प्रीतिसंगम मात्र सावकाश पाहावा. दोन नद्या मिळतात त्या बहुधा एकीच्या कुशीत दुसरी शिरते तशा. इथे कृष्णा उत्तरेकडून येते आणि कोयना तिच्या समोरून. दोघी तोंडासमोर तोंड करून भेटतात आणि मग गळ्यात गळा घालून पूर्वेकडे वळतात. महाबळेश्वराहून एकत्र निघालेल्या बहिणी इतक्या दिवसांनी भेटल्या, म्हणून नाव प्रीतिसंगम. जात्यावरच्या ओव्यांत या दोघी बहिणी म्हणूनच येतात, आणि सासरी गेलेल्या बहिणीची आठवण काढत दळणाऱ्या बाईला याहून वेगळी उपमा सुचावी तरी कशी? संगमावरच यशवंतराव चव्हाणांची समाधी आहे. त्यांनी आत्मचरित्राला नाव दिले तेही 'कृष्णाकाठ'.

पण याच कोयनेच्या खोऱ्यात ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे भूकंप झाला. कोयनानगर जमीनदोस्त झाले, दीडशेहून अधिक माणसे गेली. साल पाहा, गाण्याचे जे साल तेच.

कराडपासून जवळच टेंभू आहे. प्रवासी लोक इथे सहसा येत नाहीत, तुम्ही मात्र या. इथून कृष्णेचे पाणी पंपांनी टप्प्याटप्प्याने वर चढवून दुष्काळी तालुक्यांकडे नेतात आणि त्यातले काही आटपाडी तालुक्यात पोहोचते. माडगूळकरांचा जन्म १९१९ साली त्याच तालुक्यातल्या शेटफळ्याचा. माणदेशचा माणूस तो! तिकडच्या नद्या वर्षातले कितीतरी महिने वाळूच्या, पाणी दिसले तर डबक्यात. भरल्या कृष्णेचे गाणे लिहायला कृष्णाकाठचा धनी माणूस लागला नाही, कोरड्या माणकाठचा लागला, याचे मला नवल वाटत नाही. ज्याच्या घरी दूध नेहमीचेच, तो दुधाचे गाणे कशाला गाईल? गदिमा १९७७ साली गेले. पंपाने चढून आलेली कृष्णा त्यांच्या शिवारात पाहायला ते असते, तर काय लिहिते कोण जाणे!

पुढे पलूस तालुक्यात औदुंबर लागते. दत्ताचे स्थान, गर्द झाडी, खाली डोह. दर संक्रांतीला इथे साहित्य संमेलन भरते आणि नदीच्या काठी बसून कवी कविता म्हणतात. इथून फार लांब नाही ते ब्रह्मनाळ. येरळा कृष्णेला मिळते तिथले गाव. ८ ऑगस्ट २०१९ रोजी महापुरातून माणसे बाहेर काढताना इथली नाव उलटली. त्यात बायका होत्या, लेकरे होती. याच कृष्णामाईत ती बुडाली.

त्या साली सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ पाणी ५७ फुटांवर चढले. ४५ फूट ही धोक्याची पातळी. हा पूल १९२९ चा आणि सांगलीकर पावसाळ्यात घड्याळापेक्षा या पुलावरच्या फुटांच्या खुणाच अधिक वेळा पाहतो. २००५ ला पूर आला, २०१९ ला आला, २०२१ ला पुन्हा आला. या पुराचा स्वभाव लक्षात घ्या. डोंगरातल्या ओढ्यासारखा तो गर्जत अंगावर येत नाही. बोटाबोटाने चढतो. रात्री अंगणाच्या कडेला असतो, पहाटे उंबऱ्याला लागतो आणि उतरतानाही तितक्याच सावकाश उतरतो. उसाच्या शेंड्यापर्यंत पाणी आठ-आठ दिवस उभे राहिले की त्या उसाचे काय होते, ते शेतकऱ्याला विचारा. म्हणजे पुरातही कृष्णा संथच! ज्या सपाटीने गाण्याला संथपणा दिला, त्याच सपाटीमुळे पुराचे पाणी हटत नाही.

पुरानंतर दर वेळी कर्नाटकातल्या अलमट्टी धरणाकडे बोटे जातात. राज्य शासनाने नेमलेल्या वडनेरे समितीने मात्र २०२० मध्ये २०१९ च्या पुराचा दोष मुख्यतः त्या धरणावर ठेवला नाही. थोड्या दिवसांत कोसळलेला प्रचंड पाऊस आणि नदीच्या वाटेतले अडथळे, अतिक्रमणे यांवर तिने भर दिला. अलमट्टीचा वाद चालू आहे आणि चालू राहील. पाणी कुणी किती घ्यायचे याचा वाद तर १९६९ पासून एका लवादाकडून दुसऱ्या लवादाकडे चालत आला आहे. पण पूररेषेच्या आत भराव टाकून घर बांधणारा शेजारच्या राज्यातून आलेला नसतो, हे आपल्यापुरते कबूल करायला काय हरकत आहे?

सांगलीहून चिंचेच्या झाडांच्या रस्त्याने हरिपूरला जा. इथे वारणा मिळते, संगमेश्वराचे देऊळ आहे. 'संगीत शारदा' लिहिणारे गोविंद बल्लाळ देवल इथलेच. पण तुम्हांआम्हांला पाहण्यासारखी होती ती इथली हळदीची पेवे. पेव म्हणजे जमिनीत खोल खणलेला, तोंडाशी अरुंद आणि पोटात रुंद असा रांजणच म्हणा ना. इथली माती अशी घट्ट की ओल आत शिरत नसे. त्यात भरलेली हळद वर्षानुवर्षे किडीशिवाय राही आणि सांगलीच्या बाजाराचा कितीतरी माल या पोटांत विसावलेला असे. २००५ च्या पुराचे पाणी या पेवांत शिरले आणि आतली हळद नासली. तेव्हापासून व्यापाऱ्यांनी गोदामे आणि शीतगृहे जवळ केली. पेवांवरचा पिढ्यान्‌पिढ्यांचा भरवसा एका पावसाळ्यात उठला.

शेवटचा मुक्काम नरसोबाची वाडी. इथे पंचगंगा कृष्णेला मिळते. दत्तमहाराजांच्या पादुकांचे हे देऊळ मुद्दामच नदीत बांधल्यासारखे आहे. पावसाळ्यात पाणी चढते, घाट बुडतो आणि मग एका बाजूने देवळात शिरलेले पाणी पादुकांवरून वाहत दक्षिणेच्या दाराने बाहेर पडते. त्याला दक्षिणद्वार म्हणतात आणि त्या दारातल्या पाण्यात स्नान करायला दुरून माणसे येतात. पाणी आणखी चढले की उत्सवमूर्ती वरच्या मंदिरात नेऊन पूजा चालू ठेवतात. रागावणे नाही, घाबरणे नाही. पाण्याला त्याची वाट मोकळी ठेवलेली आणि देवाचे बिऱ्हाड हलवायची तयारी कायमची. सांगलीच्या नगररचनेपेक्षा वाडीच्या पुजाऱ्यांना नदी अधिक कळली, असे माझे प्रामाणिक मत आहे.

इथल्या एका रचनेबद्दल सांगायलाच हवे. टेंबेस्वामी म्हणजे वासुदेवानंद सरस्वती यांची करुणात्रिपदी दत्तभक्तांच्या घरोघरी म्हटली जाते. तिच्यात देवाला केलेली विनवणी आहे ती शांत होण्याची. रात्री पालखीच्या वेळी घाटावर बसून पदे ऐका. एकीकडे संथ पाणी, दुसरीकडे देवाने शांत व्हावे म्हणून आर्जव करणारी माणसे. गदिमांची कृष्णा माणसांच्या सुखदुःखाकडे पाहत नाही. वाडीची माणसे मात्र तिच्याकडे आणि तिच्या काठच्या देवाकडे सारखी पाहत असतात, पायरी किती बुडाली, किती उघडी आहे ते मोजत.

जायचे असेल तर दिवाळीनंतर जावे. पाणी निवळलेले असते, घाट उघडे पडलेले असतात आणि मळीच्या जमिनीतली वांगी बाजारात आलेली असतात. रेल्वेने आलात तर जयसिंगपूरला उतरा, तिथून वाडी जवळ. देवळाबाहेर कवठाची बर्फी, पेढे, बासुंदी मिळते. कृष्णाकाठची वांगी घ्यायची ती मात्र सकाळीच घ्या, दुपारपर्यंत चांगली निवडून गेलेली असतात.