पासष्टीनंतरची पहिली तबकडी

आज रात्री पुन्हा ब्राझीलचा साम्बा गायक-गीतकार कार्तोला ऐकला. पोर्तुगीज येत नाही, पण त्या आवाजातली समजूत थेट पोचते. रिओच्या मांगेरा टेकडीवरच्या गरीब वस्तीत वाढलेला, गवंडीकाम केलेला हा माणूस. कार्निव्हलच्या मिरवणुकीत नाचगाणं सादर करणारं मांगेरा साम्बा स्कूल उभारणाऱ्यांपैकी एक. त्या स्कूलचे गुलाबी-हिरवे रंग त्यानेच सुचवले. पुढे लोक त्याला विसरले. १९५० च्या दशकात एका पत्रकाराला तो इपानेमात गाड्या धुताना दिसला! पहिली स्वतंत्र तबकडी निघाली १९७४ साली, वयाची ६५ वर्षं उलटल्यावर. कार्निव्हलची झगमग जग पाहतं. मला मात्र जेमतेम शिकलेल्या या माणसाच्या नितळ, घोटीव गाण्यांचं अप्रूप अधिक. बायको झिकासोबत त्याने ‘झिकार्तोला’ नावाचं उपाहारगृहही चालवलं. तिचं रांधणं, त्याचे साम्बा, आणि समोर पाउलिन्यो दा व्हिओलासारखी उमेदीतली गाणारी पोरं.