लाल दिवा आणि सासूबाईंचा चौविहार



मागच्या आठवड्यात सासूबाईंना घेऊन आगाशीला मुनिसुव्रत स्वामींच्या दर्शनाला गेले होते. त्यांचं एकासणं होतं. परत अर्नाळ्याला येताना गाडीत ऑइलच्या झारीचा लाल दिवा लागला. घर जेमतेम दोन-तीन किलोमीटरवर, सूर्यास्त जवळ आलेला.

"हळूहळू चालव, पोचू," सासूबाई म्हणाल्या. मी इंजिन बंद केलं. हा दिवा ऑइलच्या दाबाचा असतो. दाब खरंच गेला असेल तर आतले भाग कोरडे घासतात आणि इंजिन काही मिनिटांत बसतं. बाटलीतलं उकळलेलं पाणी त्यांना दिलं, त्यांनी तिथेच, रस्त्याच्या कडेला, चौविहाराचं पच्चक्खाण घेतलं. मग रिक्षा केली. घरी येईपर्यंत त्या माझ्याशी बोलल्या नाहीत.

सकाळी मेकॅनिक आला. आधी पट्टी पुसून परत बुडवून पाहिली. ऑइल दोन खुणांच्या मधे, बरोबर. पण ऑइल भरलेलं असणं वेगळं आणि पंपाने ते दाबाने वर पोचवणं वेगळं. मग त्याने इंजिनावरच्या प्रेशर स्विचची वायर काढली, चावी फिरवली. दिवा विझला. म्हणजे वायर कुठे बॉडीला चिकटलेली नव्हती.

"स्विच गेलाय ताई. वायर अशीच काढून ठेवतो, दिवा लागणारच नाही."

मला हसूच आलं. आलोयणा घ्यायला जायचं आणि दोषच सांगायचा नाही, तसंच झालं हे! आणि स्विचच गेलाय हे तरी कशावरून? दाब खरंच कमी असता तरी वायर काढल्यावर दिवा विझलाच असता. "आधी दाब मोजा," मी म्हटलं.

कुरकुरत त्याने गेज आणला, स्विच काढून त्या जागी बसवला, इंजिन चांगलं तापू दिलं. गाडी नुसती उभी असतानाही दाब पुस्तकातल्या आकड्याच्या वर होता. आता कुठे माझा जीव भांड्यात पडला. जुन्या स्विचमधून ऑइल झिरपून प्लग ओला झाला होता, पिनांवर हिरवा गंज. आमच्या खाऱ्या हवेत पितळेची भांडीसुद्धा टिकत नाहीत, तिथे या पिना काय!

नवा स्विच काहीशे रुपयांचा. चावी फिरवली की दिवा लागला, इंजिन सुरू झाल्यावर विझला.

रविवारी पुन्हा आगाशीला निघालो. सासूबाई मुद्दाम पुढे बसल्या, चष्मा सावरत.

"विझला का गं?"

"विझला, आई."

"मग चल."