शिक्षा संपली, अपील उभंच

सुटून आल्यावर महिन्याभरात दादा म्हणाला, "ते अपील काढून घेऊ." मला वाटलं, चेष्टा करतोय.

बांधावरच्या मारामारीत सत्र न्यायालयाने त्याला पाच वर्षं सक्तमजुरी दिली होती. आम्ही उच्च न्यायालयात गेलो. अपील दाखल झालं, पण शिक्षेला स्थगिती मिळाली नाही. दादा आत, अपील रांगेत. कच्च्या कैदेचे दिवस फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४२८ प्रमाणे वजा झाले, चांगल्या वर्तणुकीची माफी मिळाली आणि तो घरी आला. मी ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर सीएनआर नंबर टाकून बघायचे. स्टेटस तेच: प्रलंबित.

सुटलेल्या माणसाला अपील कशाला, असं लोक विचारतात. शिक्षा भोगून संपते, 'दोषी' हा शिक्का संपत नाही. चारित्र्य पडताळणीत तो निघतो, नोकरीच्या फॉर्मवर त्याचा रकाना असतो. कायद्यालाही हे ठाऊक आहे. कैदेच्या शिक्षेविरुद्ध अपील करणारा वारला तरी जवळचे नातेवाईक ३० दिवसांत परवानगी मागून ते पुढे चालवू शकतात. १९९६ च्या बनी सिंग निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की, वकील हजर नाही एवढ्यावरून फौजदारी अपील फेटाळता येत नाही. कागद वाचूनच निकाल द्यावा लागतो.

हे सगळं मी दादाला सांगितलं. त्याने शांतपणे ऐकून घेतलं.

"तुला माझं नाव धुवायचंय. मला झोप पाहिजे," तो म्हणाला. "समोरच्या घरातली माणसं आता कुठे बोलायला लागलीत. आणि निर्दोष ठरलो तरी ते दिवस कोण परत देणार?"

याला माझ्याकडे उत्तर नव्हतं. अपिलात निर्दोष ठरलेल्याला आपोआप भरपाई देणारी तरतूद आपल्याकडे नाही. चुकीच्या खटल्यात अडकवलेल्यांसाठी कायदा करा, असं विधी आयोगाने २०१८ च्या २७७ व्या अहवालात सुचवलं होतं.

वकील मॅडमनी त्याला समोर बसवून विचारलं, "मागे घेतलं की खालचा निकाल कायम. पुन्हा दार उघडणं फार अवघड. लवकर सुनावणीचा अर्ज करू का?"

"नको, मॅडम."

पुरसीस तयार झाली. त्याने दोनदा वाचली आणि सही केली. मी आग्रह सोडला, कारण नाव त्याचं आहे आणि वाट बघणंही त्यालाच होतं. अपील चालायला हवं होतं, हे माझं मत मात्र तसंच आहे.

पुरसीशीत लिहिलंय, 'अपीलकर्ता स्वेच्छेने अपील मागे घेत आहे.' अख्खी शिक्षा भोगून होईपर्यंत ज्याचं म्हणणं कुणी ऐकलं नाही, त्याची स्वेच्छा. बाकी सगळा कागद मला पटतो. त्या एका शब्दाशी मी अडखळते.