जांभूळबेटाची दरड

परभणी जिल्ह्यातील पालम तालुक्यात, गोदावरीच्या पात्रात जांभूळबेट आहे. दोन्ही अंगांनी नदी आणि मधे गर्द झाडी. जांभळाच्या झाडांवरून बेटाला हे नाव पडले. झाडीत मोरांचा वावर असतो, आत एक लहानसे देऊळ आहे.

१४६५ किलोमीटर वाहणाऱ्या गोदावरीला या भागात सगळे गंगाच म्हणतात. वरच्या अंगाला गंगाखेड हे संत जनाबाईंचे जन्मगाव, तर पालम तालुक्यातच फळा येथे संत मोतीराम महाराजांचे संस्थान आहे. हा वारसा दिंड्या आणि सप्ताहांतून पिढ्यान्‌पिढ्या जपला गेला. बेट मात्र कोणाच्याच खात्यावर नाही.

बेटाची झीज पुराने होते, असे सरसकट सांगितले जाते. पूर माती नेतो हे खरेच. ऑगस्ट २००६ च्या महापुराने तर सगळ्या गंगाकाठालाच झोडपले. पण पूर गाळही टाकतो आणि अशी बेटे त्या गाळावरच वाढतात. खरी पडझड पुष्कळदा पाणी उतरताना होते. नदीवर परभणी जिल्ह्यात ढालेगाव, तारूगव्हाण, मुदगल, मुळी, डिग्रस असे बंधारे ओळीने आहेत. बंधारा भरला की फुगवट्याचे पाणी महिनोन्‌महिने काठाला लागून राहते आणि माती आतपर्यंत भिजते. दारे उघडून पाणी खाली सोडले की पातळी झपाट्याने उतरते. बाहेरून पाण्याचा जो आधार होता तो जातो, आतले पाणी मात्र तसेच राहते. जड झालेली दरड मग स्वतःच्याच वजनाने बसते.

बेटावर अशी दरड बसताना प्रस्तुत लेखकाने पाहिली आहे. ऊन कडक होते, वारा पडलेला होता. आधी काठापासून हातभर आत बारीक भेग दिसली. दुपार कलेपर्यंत तीत बोट जाऊ लागले. मग एका जांभळासकट तो तुकडा सरळ खाली सरकला. झाड आडवे झाले नाही. उभ्याउभ्या पाण्यात गेले, कच्च्या फळांच्या घोसांसह. उघड्या पडलेल्या काठात मुळ्या लोंबत होत्या आणि त्यांच्या टोकांवरून पाणी ठिबकत होते. त्यानंतर एका कार्यालयात निवेदन दिले गेले. पात्रातली जमीन वाहणारच, एवढे तोंडी उत्तर मिळाले. लेखी पोच मागूनही मिळाली नाही. ही गोष्ट आजही सलते. काठावरच्या शेताचा धुरा हातभर सरकला तरी पंचनामा होतो. इथे उभे झाड गेले, त्याची ओळभर नोंद नाही.

एवढे असूनही बंधारा नको होता, असे म्हणवत नाही. उन्हाळ्यात काठावरच्या मोटारी चालतात त्या याच साठ्यावर, आणि बेटाची झाडीही त्याच ओलीवर तग धरते. खाली नांदेडजवळच्या विष्णुपुरी प्रकल्पासाठी पाणी सोडण्यावरून वाद होतात. तिथल्या लोकांचीही तहान खरीच आहे. पाणी द्यावे, पण पातळी टप्प्याटप्प्याने उतरवावी. बेटाच्या वरच्या टोकाला, जिथे धार आदळते तिथे, दगडी पिचिंग करावे. बाकी काठावर करंज, बांबू आणि वाळा लावावा. लागवड पावसाळा सुरू होताच झाली, तर मुळ्या धरायला वेळ मिळतो. सगळ्या बेटाभोवती सिमेंटची भिंत बांधण्याची सूचना अधूनमधून पुढे येते. तिने माती थांबेलही, पण ओल्या काठाची झाडे आणि पाण्यावर येणाऱ्या मोरांची वाट दोन्ही तुटतील.