आजोबांची सही

केंदूरहून माझ्या आजोळी जायला दोन एसट्या बदलाव्या लागतात. त्या गावाचे नाव लिहीत नाही. प्रकरण न्यायालयात आहे. आणि नावाने तरी काय फरक पडणार? आमचे केंदूर काय, आजोळ काय, पाऊस दोन्हीकडे पाहुण्यासारखाच येतो.

२०१७ च्या मे महिन्यात, आठवीची परीक्षा देऊन मी तिथे गेलो होतो. भर दुपारी ग्रामपंचायतीचा शिपाई काखेत वही मारून आला. "तात्या, ग्रामसभेची सही ऱ्हायलीय."

आजोबा बाजेवर पडून होते. डोळ्यांत मोतीबिंदू. "कवा झाली सभा?"

"झाली म्हना की."

आजोबांनी माझ्याकडे बोट केले. "ह्यो करंल. अक्षर बेस हाय त्याचं."

मी ऐटीत त्यांचे नाव लिहिले, खाली रेघ ओढली आणि रेघेखाली दोन टिंबे दिली. शिपाई म्हणाला, "वा, सायेब!" आजीने त्याला चहा दिला. त्या दिवशी आपण मोठे झालो असेच मला वाटले.

ती सही जलयुक्त शिवारच्या आराखड्यासाठी होती. डिसेंबर २०१४ च्या शासन निर्णयाने हे अभियान सुरू झाले. २०१९ पर्यंत महाराष्ट्र टंचाईमुक्त करायचा होता. शिवारफेरी काढून कामे ठरवायची आणि आराखडा ग्रामसभेने मंजूर करायचा, अशी रीत. कागदावर रीत उत्तमच आहे. पुढच्या उन्हाळ्यात ओढ्यावर एक सिमेंटचा बंधारा उभा राहिला.

सप्टेंबर २०२० मध्ये महालेखापरीक्षकांचा अहवाल आला. अभियानावर ९,६३३.७५ कोटी रुपये खर्च होऊनही भूजल वाढल्याचे फारसे दिसत नाही, असा त्याचा सूर होता. मामाने ते कात्रण घडी करून खिशात ठेवले. नाले अशास्त्रीय रीतीने खोल खणले जातात म्हणून अर्थतज्ज्ञ प्रा. एच. एम. देसरडा उच्च न्यायालयात गेले होते, हेही त्याला ठाऊक होते. त्याने माहितीच्या अधिकारात नकला मागवल्या. ओढ्यावर बंधारा एक, मोजमाप पुस्तकात दोन!

वकिलाने त्याला सांगितले की १९८१ च्या न्यायाधीश बदली खटल्यापासून, ज्याचे स्वतःचे काही बुडालेले नाही असा माणूसही लोकहितासाठी अशी याचिका करू शकतो. मामाचे मात्र पुष्कळ बुडाले. फीसाठी गाय गेली. ठेकेदार भावकीतलाच, म्हणून लग्नाच्या पत्रिका येणे बंद झाले. मामी अजून गायीचे नाव काढते, याचिकेचे काढत नाही.

गेल्या दिवाळीत मामाने सगळे कागद माझ्यापुढे टाकले. ग्रामसभेला शंभर मतदार किंवा एकूण मतदारांच्या पंधरा टक्के, यांत कमी असतील तेवढे हजर लागतात. वहीत १०३ सह्या होत्या. "सभा झालीच नाही," मामा म्हणाला, "पण ह्या वहीपुढं आमचं कोण ऐकतंय? ही बघ तात्यांची. तात्यांना असं कधी लिहिता येत होतं का? ही करणारा सापडला की काम झालं."

रेघेखाली दोन टिंबे होती.

मी पाणी प्यायला उठलो. आजोबा जाऊन तीन वर्षे झाली होती. त्यांच्या अंगावर ढकलून मोकळे होता आले असते. रात्रभर तोच विचार केला, हे कबूल करतो. सकाळी गोठ्यात मामाला सांगितले. तो शेण भरत होता. पाटी पुरी भरल्यावर म्हणाला, "मग तर बरंच झालं. परतिज्ञापत्र देशील?"

घरी वडील ऐकून संतापले. स्पर्धा परीक्षेचा अर्ज भरायचा आणि खोटी सही केली म्हणून कोर्टात लिहून द्यायचे? त्यांचे चूक आहे असे मला म्हणवत नाही. आई काहीच बोलली नाही. तिचाही तो बापच.

वकिलाने पाठवलेला मसुदा माझ्या अर्थशास्त्राच्या वहीत आहे. 'मी त्या वेळी अज्ञान होतो' असे त्यात एक वाक्य आहे. कायद्याच्या भाषेत त्याचा अर्थ केवळ वय. शनिवारी मामा शिरूरच्या स्टँडवर थांबणार आहे. आधार कार्ड घेऊन ये, म्हणाला आहे.