मुस्तफाची कोणती प्रत?

१/ परभणी जिल्ह्यातील गंगाखेड ही संत जनाबाईंची जन्मभूमी मानली जाते. जनाबाईंच्या हातची पोथी उपलब्ध नाही; त्यांचे अभंग आपल्यापर्यंत पोहोचले ते नकलांमधून, पाठभेदांसह. म्हणून अभ्यासक आधी विचारतो: ही प्रत कोणत्या काळातली? व्हिडिओ गेम पार्लरमधल्या जुन्या खेळांनाही आज हाच प्रश्न विचारावा लागतो.

२/ १९९३ साली कॅपकॉम कंपनीने 'कॅडिलॅक्स अँड डायनासॉर्स' हा खेळ काढला. भारतात त्याचे बारसे निराळेच झाले. मुस्तफा कैरो या पात्रावरून पोरे त्याला 'मुस्तफा' म्हणू लागली. पुढे पार्लर ओस पडली, यंत्रे भंगारात गेली. उरल्या त्या नकला.

३/ यंत्रातील चिपांवरचा मजकूर जसाच्या तसा उतरवला की तो 'रोम'. एका खेळाच्या अशा फायलींचा संच म्हणजे 'रोमसेट'. तो वाचून जुन्या यंत्राचे हुबेहूब सोंग घेणारी प्रणाली म्हणजे एम्युलेटर. त्यांपैकी 'मेम' इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी फेब्रुवारी १९९७मध्ये प्रसिद्ध केला.

४/ मेमचे ध्येय वेग नव्हे, अचूकता. त्यामुळे तो उत्तरोत्तर काटेकोर होत गेला आणि जडही. २०१२च्या पहिल्या रास्पबेरी पायचा प्रोसेसर अवघा ७०० मेगाहर्ट्झचा. अशा यंत्रांसाठी मेमच्या जुन्या आवृत्त्यांवर बेतलेले एम्युलेटर वापरतात: ०.३७बी५ (२०००), ०.७८ (२००३), ०.१३९ (२०१०).

५/ खरी मेख पुढे आहे. एखाद्या चिपची अधिक निर्दोष नक्कल मिळाली की मेम जुनी फाइल बाद करून नवी मागतो. कधी फायलींची नावेही बदलतात. म्हणून ०.७८ला ०.७८चाच संच हवा. 'नवे ते उत्तम' हा न्याय येथे चालत नाही.

६/ संचांची बांधणीही तीन प्रकारची. 'मर्ज्ड'मध्ये मूळ खेळ आणि त्याचे पाठभेद एकाच झिपमध्ये असतात. 'स्प्लिट'मध्ये पाठभेदाच्या झिपमध्ये केवळ वेगळ्या फायली. मूळ झिप सोबत नसेल तर तो चालत नाही. 'नॉन-मर्ज्ड'मध्ये प्रत्येक झिप स्वयंपूर्ण. छोट्या कार्डावर निवडक खेळ ठेवायचे असतील तर हाच प्रकार सोयीचा, जागा थोडी अधिक घेतो इतकेच.

७/ अगदी दुबळ्या यंत्राला ०.३७बी५, थोड्या सशक्त यंत्राला ०.७८, त्याहून ताकदवानाला ०.१३९, असा ढोबळ क्रम धरावा. मात्र खेळांवरचा स्वामित्वहक्क यंत्रे भंगारात गेली म्हणून संपत नाही, याचे भान असावे.

८/ जुन्या आवृत्तीत एखादा आवाज चुकतो, एखादा रंग फिका पडतो. ती दोषपूर्ण प्रतच ज्याने पाहिली, त्याला तोच मूळ खेळ वाटेल. तेव्हा खेळायला हलकी प्रत घ्यावी. साक्षीला मात्र अचूक प्रत जपावी. संचाच्या नावाशेजारी आवृत्तीचा आकडा लिहून ठेवणे, एवढी शिस्त पाळली तरी उद्याच्या अभ्यासकाचे निम्मे काम होईल.